क्रॉसचे बूट

म्हाळूआबांनी बावन्न वर्षांच्या आयुष्यात पायात बूट घातला नव्हता, पण बुटांबद्दलची त्यांची मतं मात्र ठाम होती. बूट साहेबानं घालावा, पोलिसानं घालावा, नवरदेवानं घालावा. बाकीच्यांनी उगाच पाय कोंडून घेऊ नयेत, हे त्यांचं पहिलं मत. आणि घ्यायचाच झाला तर मऊ घ्यावा, हे दुसरं. पहिल्या मतानं कुणाचं काही बिघडलं नाही. दुसऱ्यानं मात्र चांगलाच घोळ घातला, आणि ही गोष्ट त्या घोळाची आहे.

दौंडला रेल्वेच्या मालधक्क्यावर आबा हमाल होते. मालगाडीच्या डब्यातून, म्हणजे वाघिणीतून, खताची, सिमेंटची, साखरेची पोती काढायची, पाठीवर घेऊन फळीवरून चालत जायचं आणि ट्रकमध्ये थप्पी लावायची. तीस वर्षं हेच. अंगानं माणूस काही राक्षस नव्हता; उंची बेताची, छाती बेताची. पाय तेवढे जगावेगळे. रुंद पंजे, एकमेकांशी भांडण झाल्यासारखी फाकलेली बोटं, आणि टाचा अशा, की खिळ्यानंसुद्धा टोचण्याआधी दोनदा विचार करावा. टोळीतला नवा माणूस आला की आबा त्याला आधी चप्पल काढायला लावत. मग म्हणत, "जमीन बघ." म्हणजे पायाखालची जागा टाचेनं दाबून बघ. सांडलेला भुसा, ओलं गोणपाट, काहीही मऊ पायाखाली आलं की आधी झाडून घ्यायचं, मगच पोतं पाठीवर.

"ओझं पाठीवर नसतं गड्या," ते सांगत. "ओझं टाचंवर असतं. टाच डगमगली की समदं डगमगलं."

तीस वर्षांत त्यांच्या टोळीतला एकही माणूस फळीवरून पडला नव्हता, आणि याचं श्रेय आबा दुसऱ्या कुणाला घेऊ देत नसत.

सिद्धार्थनगरात त्यांचं दोन खोल्यांचं घर होतं. बायको जाईबाई अंगणवाडीत मदतनीस. दिवसभर चाळीस पोरं सांभाळून तिच्या आवाजाला जी धार आली होती, ती घरीही कामाला यायची. आणि एकच लेक, गौतमी. कॉलेजच्या दुसऱ्या वर्षाला. या मुलीसाठी आबांनी मनाशी एक गोष्ट पक्की ठरवलेली होती. आपल्या आज्यानं ओझी वाहिली, बापानं वाहिली, आपण वाहतोय; ही वाहणार नाही. हिच्या हातात पुस्तक असेल, आणि ओझं म्हणून फार तर पर्स.

आणि नेमकी हीच मुलगी कॉलेजात जाऊन वजनं उचलायला लागली.

झालं असं, की पहिल्या वर्षी कॉलेजच्या संमेलनात पाण्याचं भरलेलं पिंप हलवायचं होतं आणि चार मुलं नुसतीच चर्चा करत उभी होती. गौतमीनं ते पोटाशी धरलं आणि स्टेजमागं नेऊन ठेवलं. खेळाच्या पूनम मॅडम लांबून बघत होत्या. त्या स्वतः शिरूरच्या, एके काळी पॉवरलिफ्टिंगमध्ये राज्यापर्यंत खेळलेल्या. दुसऱ्या दिवसापासून गौतमी कॉलेजमागच्या पत्र्याच्या शेडमधल्या जिममध्ये. जाईबाईनं शेजारणीला कौतुकानं सांगितलं, "आमची गौतमी रोज बार उचलती." शेजारणीनं त्याचा भलताच अर्थ लावला, आणि बार म्हणजे दारूचा नव्हे, लोखंडाचा दांडा, हे गल्लीला पटवता पटवता जाईबाईचा आठवडा गेला.

आबा याबद्दल काही बोलत नसत. पोरीनं ओझं घेतलं हे त्यांना आत कुठंतरी लागलं होतं, पण तिचा चेहरा इतका फुललेला असायचा की नको म्हणायला जीभ उचलत नव्हती. ते तिचं बघायला मात्र कधी गेले नाहीत. रोज पोती बघतोच की, म्हणायचे.

मग दोन हजार तीनच्या दिवाळीआधी गौतमी आठ कॉलेजांच्या स्पर्धेत पहिली आली. शाळेतले जुने कॅनव्हासचे बूट घालून आली, ज्यांच्या एका बाजूला जाईबाईनं गोधडीच्या दोऱ्यानं टाके घातले होते. पेपरात फोटो आला. फोटोत चेहरा पुसट आणि टाके स्पष्ट. आबांनी तो फोटो सगळ्या धक्क्यावर फिरवला, आणि संध्याकाळी कुणाला न सांगता तडक हौसरावांच्या दुकानात गेले.

हौसराव हा नावासारखाच हौशी माणूस. वजन नव्वद किलो, दुकान एका शटरचं, आणि बोलणं चार शटरचं.

"बसा आबा. आज कसं काय? बूट कुणाला?"

"पोरीला. वजनं उचलती ती."

"नंबर?"

"पयला!" आबा छाती काढून म्हणाले. "आठ कालेजं व्हती. समद्यांत पयला."

"पायाचा नंबर, आबा."

आबांनी आपला पाय उचलून स्टुलावर ठेवला. "ह्यो घे. पोरीनं रूप आईचं घेतलंय, पाय माझं."

हौसरावांनी पट्टी लावली. आठ निघाला. मुलींच्या बुटांत एवढा नंबर नव्हता, म्हणून ते पुरुषांच्या फळीकडे वळले आणि एक खोकं काढलं. "वजनाला म्हणताय तर ह्ये बघा. पुण्यावरनं दोनच जोड आल्यात. क्रॉस ट्रेनिंग."

"काय म्हणालास?"

"क्रॉस."

"ठिव ती आत," आबा म्हणाले. "क्रॉस नको आपल्याला. अस्सल काढ."

आता हौसरावांना काय ठाऊक, की म्हाळूआबांच्या घरात हा शब्द उच्चारायची बंदी होती! दहा वर्षांपूर्वी आबांनी खुटबावला भावाच्या गोठ्यात एक क्रॉसची गाय बांधली होती. बाप परदेशी, आई इथली. सगळे म्हणाले, बादलीभर दूध देईल. दिलंही. पण मार्च लागला आणि गाईनं धाप टाकायला सुरुवात केली. तिला पंखा लागला. पंख्याला वीज नव्हती, तेव्हा जाईबाई सुट्टी टाकून ओल्या पोत्यानं वारा घालत बसली. कडबा दिला की गाय तोंड फिरवायची. डॉक्टर गाईकडे इतके यायचे की गावाला वाटलं सोयरीक जमतीय. आबा सांगायचे, "चार म्हैनं आमी तिचं दूध प्यालो आन् आठ म्हैनं तिनं आमचं रगत." तेव्हापासून क्रॉस म्हणजे धड ना इकडचं, धड ना तिकडचं, हे आबांच्या डोक्यात पक्कं बसलं.

मग आबांनी बूट निवडायला घेतले. त्यांची पद्धत सोपी होती. बाजारात चिकू घेताना करतात तशी, अंगठ्यानं दाबून. जो टणक लागेल तो बाजूला. एकेक बूट दाबत ते शेवटी एका निळ्या-पांढऱ्या जोडापाशी आले. टाच जाडजूड, तिच्यात हवा भरलेली, बाहेरून आरपार दिसणारी. अंगठा आत गेला तो अर्ध्या पेरापर्यंत.

"पाव हाय पाव!" आबा हरखून म्हणाले.

"पळायचा हाय तो आबा. रनिंगचा."

"पळंल की. बांध."

किंमत त्यांनी विचारली नाही. बायको बरोबर नव्हती म्हणून ते जमलं. वाटेत ते खोकं छातीशी धरून चालले होते आणि मनात एकच विचार होता, की आपल्या टाचांचा दगड झाला, हिच्या टाचा लोण्यावर राहतील. बापाच्या मनात मायेचा पूर आला की तीस वर्षांची अक्कलसुद्धा वाहून जाते. धक्क्यावर भुशाच्या चिमटीवर पाय पडू न देणारा माणूस लेकीसाठी हवेवर उभं राहायची सोय करून आला होता, आणि हे त्याच्या गावीही नव्हतं.

गौतमीनं बूट बघितले आणि किंचाळलीच. घरातल्या घरात दहा फेऱ्या मारल्या. "आबा, लई भारी हायेत!" ती म्हणाली, आणि ते खरंच होतं. चालायला भारी होते.

दुसऱ्या दिवशी खांद्यांवर दांडा घेतला आणि तिला काय ते कळलं. स्क्वॉट म्हणजे वजनासकट बैठक. खांद्यांवर ऐंशी-नव्वद किलो घेऊन खाली बसायचं आणि उठायचं. खाली जाताना टाचेतली हवा दबायची; कधी डावीकडे, कधी उजवीकडे. घोटा आत वळायचा, त्याच्या मागं गुडघा. मॅडम म्हणाल्या, "बूट बदल." गौतमी म्हणाली, "सवय होईल मॅडम." टाक्यांचे जुने बूट तिनं गुपचूप शोधून बघितले, पण ते जाईबाईनं दिवाळीच्या साफसफाईत काढून टाकले होते. आणि आबा रोज संध्याकाळी विचारायचे, "बूट कसं हायेत?" ते विचारताना त्यांचा चेहरा असा व्हायचा, की 'चांगले हायेत' याशिवाय दुसरं उत्तरच निघायचं नाही.

महिन्याभरात पंच्याण्णव उचलणारी गौतमी पंच्याऐंशीवर आली. गुडघा सुजला. जाईबाई निरगुडीचा पाला गरम करून शेकत होती आणि प्रत्येक शेकाबरोबर तिचा पारा चढत होता.

"अवं, ऐकताय का?" ती एका सकाळी आबांना म्हणाली. "शाळा शिकवली ती गुडघं फोडायला न्हाई. जानेवारीत शिरूरला जिल्ह्याची स्पर्धा हाय म्हणती. जाऊन बघा एकदा काय करती ते. धड नसंल तर आजच्या आज बंद. मी सांगितलं तर वाईट दिसती, तुमी सांगा."

आबांनी मान हलवली. खरं सांगायचं तर मनातून त्यांना बरंच वाटलं. जे स्वतःहून बोलता येत नव्हतं ते बायकोनं बोलायला लावलं होतं. त्या दिवशी धक्क्यावर वाघीण लागली नव्हती. दुपारी ते कॉलेजमागच्या शेडपाशी गेले. दारात चपला काढल्या, उंबऱ्याला हात लावला आणि आत गेले.

"आबा, इथं चप्पल चालते," पूनम मॅडम म्हणाल्या.

"तुमाला चालत आसंल," आबा म्हणाले आणि कोपऱ्यात उकिडवे बसले.

गौतमी दांड्याखाली गेली. आबा खाली बसलेले, त्यामुळं त्यांच्या डोळ्यांसमोर तिचा चेहरा आला नाही, पाय आले. तिनं वजन घेतलं, दोन पावलं मागं आली, खाली जायला लागली, आणि आबांना ती टाच दिसली. आपण अंगठ्यानं दाबून आणलेली. ती बाजूला कलंडली, घोटा वळला, गुडघा थरथरला, आणि मॅडमनी मागून दांडा धरला म्हणून निभावलं.

आबा ताडकन उठले. जिममधल्या बाकी मुली बघतच राहिल्या, कारण त्यांनी जो आवाज काढला तो खास धक्क्यावरचा होता.

"अगं ए! गवताच्या गंजीवर हुभी राहून पोतं उचलतीस व्हय?"

गौतमीनं मान खाली घातली.

"काढ ती बूट. आन् जमीन बघ."

तिनं बूट काढले. उघड्या टाचेनं फरशी दाबून बघितली. मग तेच वजन घेतलं, खाली गेली आणि सरळ वर आली. पाय जणू फरशीतच रोवलेले होते. मॅडम हसल्या. "आबा, महिनाभर मी हेच सांगतेय हिला. पण ही ऐकेल तर शपथ!"

आबा लेकीकडे वळले. "तुला ठावं व्हतं?"

"पयल्याच दिवशी कळलं व्हतं."

"मग बोलली का न्हाईस?"

"हौसरावमामा सांगत व्हते," गौतमी खालमानेनं म्हणाली, "तुमी एकेक बूट अंगठ्यानं दाबून बघत व्हता म्हणून. मग कसं बोलू?"

मुलीनं आपल्या हौसेपायी महिनाभर गुडघा सोसला, या विचारानं आबांना गलबलून आलं, आणि रागही आला. तिचा नाही, स्वतःचा. नाकावरचा घाम पुसायच्या निमित्तानं त्यांनी डोळे पुसले. खेळ बंद करायला सांगायचं ते साफ विसरून गेले. ते विसरले हे त्यांच्या लक्षात आलं तेव्हा ते विचारत होते, "मॅडम, अनवाणीच का न्हाई उचलत मग?"

"स्पर्धेत बूट लागतोच. नियम आहे. हिला असा पाहिजे, की तळ सपाट, टाच दबणार नाही, कडा घट्ट, आणि पुढं बोटांना जागा. वजनाचा खास बूट असतो, पण हिला बाकीचा व्यायाम करायचा असतो, थोडं पळायचंही असतं. दोन्हीला चालेल असा बघा."

"चला," आबा म्हणाले. "आता मला कळलं बूट कसा बघायचा त्यो."

हौसरावांच्या दुकानातली ती संध्याकाळ कुणी विसरणार नाही. लेकीला घेऊन आलेल्या आबांनी सांगून टाकलं, की बूट हातानं बघायचाच नाही, ओझ्याखाली बघायचा. लेकीचा आणि त्यांचा नंबर एकच. तेव्हा बूट ते घालणार.

"घाला की. पर ओझं कुठं हाय हितं?" हौसराव म्हणाले.

आबांनी त्यांना खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. "तू हायस की."

"म्हंजी?"

उत्तराची वाट न बघता आबांनी पाठ वळवली, वाकले आणि हौसरावांना पोत्यासारखं पाठीवर घेतलं. दुकानदार ओरडला, गिऱ्हाइकं दारात गोळा झाली, समोरचा चहावाला गाळणं हातात घेऊन आला. पायात बूट घालायची आबांची ही पहिलीच वेळ, आणि तीही नव्वद किलोंसकट. सुरुवातीला ऑफिसचा काळा चामडी बूट झाला. तो टणक होता, पण फरशीवर सरकला आणि हौसराव थोडक्यात वाचले. मग पांढरा कॅनव्हास. तळ चांगला, पण पुढं निमुळता; आबांची बोटं आत एकमेकांवर चढली. "पोरीची बोटं काय घडी घालून ठिवू?" आबा म्हणाले. त्यानंतर त्यांनी आणखी तीन जोड घातले आणि काढले. हौसराव दरवेळी पाठीवर जाताना "सावकाश हां आबा" म्हणत होते, आणि खरं तर आता त्यांनाही मजा यायला लागली होती. लहानपणानंतर त्यांना कुणी उचलून घेतलं नव्हतं.

शेवटी खालच्या फळीवरून एक करडा, दिसायला अगदी साधा जोड निघाला. आबांनी तो घातला. बोटं आत ऐसपैस पसरली. हौसरावांना पाठीवर घेतलं, बैठक मारली, उठले. परत मारली. टाच तसूभर हलली नाही. मग हौसरावांना खाली ठेवून ते दाराबाहेर चौकापर्यंत पळून आले, आणि बूट पुढं बोटांपाशी नीट वाकला.

"ह्योच!" ते धापा टाकत म्हणाले. "उचलायला बी चालतो आन् पळायला बी. ह्याला म्हणत्यात बूट. कंच्या जातीचा हाय ह्यो?"

हौसराव सदरा नीट करत होते. त्यांनी खोकं पुढं केलं आणि शक्य तितक्या हळू आवाजात म्हणाले, "आबा, तुमी राग मानू नका. त्योच हाय ह्यो. क्रॉस."

आबांचा चेहरा बघण्यासारखा झाला. गौतमी तोंडावर हात ठेवून हसत होती. "क्रॉस म्हंजी ह्येच की आबा," ती म्हणाली. "सगळ्या व्यायामाला चालणारा. थोडा हिकडचा, थोडा तिकडचा."

"पर मी तर अस्सल मागितला व्हता!"

"आबा," गौतमी म्हणाली, "आपण कवापासनं अस्सल आन् कमअस्सल मानाय लागलो?"

चहावाला गालात हसला. आबा आपल्याच मांडीवर थाप मारून इतक्या मोठ्यानं हसले, की दारातली माणसंही हसायला लागली.

"माणसांत कवाच न्हाई मानलं गं. गाईंत मानत व्हतो."

"आन् बुटांत?"

"बुटांत आजपासनं न्हाई. बांध हौसराव."

मऊ जोड काही परत घेण्यासारखा राहिला नव्हता. घरी तो कोनाड्यात पडून होता. शिरूरला निघायच्या दिवशी जाईबाईनं तो आबांसमोर आणून ठेवला आणि म्हणाली, "चालायला चांगलं हायेत म्हणता ना? मग चाला." आबांनी नको नको म्हणत घातले. पांढरा लेंगा, पांढरा सदरा आणि खाली निळे-पांढरे हवेच्या टाचांचे बूट. एसटी स्टँडवर त्यांनी उगाचच चार फेऱ्या मारल्या. "आयला," ते म्हणाले, "जमीन एवढी मऊ असती का गं?" जाईबाई तोंडाला पदर लावून हसली, पण डोळ्यांनी तिनं त्या टाचांकडं बराच वेळ बघितलं.

चौफुल्याला गाडी बदलून, न्हावऱ्यावरून ती तिघं शिरूरला पोचली. मॅडम आधीच तिथं होत्या. वाटेत जाईबाईनं आबांच्या कानात परत एकदा बजावलं होतं, "बूट बदलला म्हणून मी आलेय. पर आज जर पोरगी लचकली, तर मी ऐकायची न्हाई."

शाळेचा मोठा हॉल, पुढं लाकडी मंच, त्यावर लोखंड, आणि तीन बाजूंना तीन पंच. प्रत्येक पंचापाशी एक पांढरा दिवा, एक लाल; बरोबर उचललं तर पांढरा, चुकलं तर लाल. नियम मॅडमनी समजावून सांगितला. प्रकार तीन, त्यांत बैठक पहिली, आणि प्रत्येकात तीन वेळा संधी. एकातल्या तिन्ही चुकल्या तर स्पर्धेतून बाहेर.

गौतमीनं पंच्याण्णव मागितले. पहिल्यांदा ती पंचांनी 'स्क्वॉट' म्हणण्याआधीच खाली गेली. लाल दिवे. दुसऱ्यांदा पुरेशी खाली गेली नाही. पुन्हा लाल. जाईबाईनं आबांचं मनगट धरलं ते सोडेनाच.

"घाबरलीय ती," मॅडम पुटपुटल्या.

आबा सवयीनं पायांकडे बघत होते. करडे बूट ठीक होते, पण त्यांच्या आतली मुलगी चवड्यांवर उभी होती. पळून जायच्या बेतात असलेल्या माणसासारखी. तिसऱ्यांदा तिचं नाव पुकारलं. ती दांड्याखाली गेली, वजन घेतलं, मागं आली. हॉल चिडीचूप झाला. आणि त्या शांततेत मालधक्क्याच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पोचणारा आवाज उठला.

"गौतमे! जमीन बघ!"

लोकांनी माना वळवल्या. गौतमीनं वळवली नाही. तिनं डावी टाच दाबली, उजवी टाच दाबली. खांदे खाली आले, श्वास आत गेला. पंच म्हणाले, "स्क्वॉट!" आणि ती खाली गेली. चांगली खोल गेली. एक क्षण तिथंच अडकल्यासारखी वाटली. आबांच्या मांड्या बसल्या जागी ताठ झाल्या, जणू ते वजन त्यांच्यावर होतं. मग ती वर यायला लागली. सावकाश, पण सरळ. गुडघा हलला नाही. पुरती उभी राहिली आणि अजून पंच्याण्णव किलो खांद्यांवर असतानाच ती हसली. दात दिसतील अशी हसली.

आबा बघतच राहिले. तीस वर्षांत ओझ्याखालचे चेहरे त्यांनी हजारो बघितले होते, स्वतःचाही ट्रकच्या काचेत बघितला होता. ओझ्याखाली कुणी हसताना त्यांनी आजवर बघितलं नव्हतं.

"रॅक!" पंच म्हणाले. गौतमी दोन पावलं पुढं आली आणि तिनं दांडा स्टँडवर ठेवून दिला. तीन पांढरे दिवे लागले. हॉलमध्ये टाळ्यांचा गजर झाला. मॅडम तर चक्क उड्या मारत होत्या.

पुढच्या दोन प्रकारांत तिनं भरून काढलं, दुसरी आली आणि राज्याच्या स्पर्धेसाठी जिल्ह्याच्या संघात निवडली गेली. पण ते सगळं दुपारनंतरचं. आत्ता, टाळ्या चालू असताना, आबा खुर्चीत हसत होते आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि त्यांना दोन्हीतलं एकही थांबवता येत नव्हतं.

"अवं, झालं काय?" जाईबाईनं विचारलं.

"अगं, बघितलंस का तू?" आबा मंचावरच्या त्या स्टँडकडे बोट दाखवत म्हणाले. "जितनं उचललं, तितंच ठिवलं! एवढं ओझं, आन् कुणाच्या ट्रकात न्हाई, कुणाच्या गुदामात न्हाई. कुणाचं काई काम न्हाई झालं, तरी माणसं टाळ्या वाजवत्यात!"

जाईबाईनं त्यांचं मनगट सोडलं. मंचावर गौतमी कमरेचा पट्टा सोडत गर्दीत आईबापाला शोधत होती. जाईबाईनं हात उंच करून तिला दाखवला.

"तिचं हाय ते वझं," ती म्हणाली. "तिला वाटंल तितं ठिवंल."